ल्युदोविट श्टूर : भाषेचा शिक्षक, प्रजेचा प्रतिनिधी

मध्य युरोपच्या अर्वाचीन इतिहासात राजे, सेनापती आणि मुत्सद्दी यांची नावे ठळक अक्षरांत लिहिली जातात. परंतु त्या भूभागातील लहान राष्ट्रांचा इतिहास पाहू गेल्यास त्यांच्या उदयाच्या मुळाशी बहुधा एखादा शाळामास्तर, एखादा धर्मोपदेशक किंवा एखादा व्याकरणकार आढळतो. ज्या भाषेला दरबार नाही, न्यायालय नाही, विद्यापीठ नाही, त्या भाषेचे रक्षण शस्त्रधारी करू शकत नाहीत. ते काम वर्गात फळ्यापुढे उभा राहणारा माणूसच करू शकतो. स्लोव्हाक राष्ट्राच्या बाबतीत हे काम ज्याने केले आणि वर्गातून बाहेर काढले गेल्यावर तेच काम विधिमंडळात नेले, तो पुरुष म्हणजे ल्युदोविट श्टूर. अवघ्या चाळीस वर्षांचे त्यांचे आयुष्य. त्यात यशापेक्षा अपयशाचेच प्रसंग अधिक. तथापि आज स्लोव्हाकिया नावाचे जे राष्ट्र युरोपच्या नकाशावर आहे, त्याच्या लेखी भाषेचा पाया या माणसाने घातला, हे सर्वमान्य आहे.

श्टूर यांचा जन्म २८ ऑक्टोबर १८१५ रोजी उह्रोवेत्स या खेड्यात झाला. वडील सामुएल श्टूर हे ल्यूथरपंथी शाळेचे शिक्षक. ज्या घरात ल्युदोविट जन्मले, त्याच घरात पुढे १९२१ साली अलेक्झांडर दुबचेक यांचा जन्म झाला. १९६८ च्या प्राग वसंताचे नेते म्हणून ज्यांचे नाव जगभर गाजले, तेच हे दुबचेक. एका खेड्यातील एका साध्या घराने दोन शतकांत आपल्या राष्ट्राला दोन नेते द्यावेत, हा योगायोग इतिहासात विरळाच म्हणावा लागेल.

परक्या राज्यातील प्रजा

श्टूर यांच्या कार्याचे मर्म समजण्यासाठी त्या वेळची परिस्थिती ध्यानात घेतली पाहिजे. आजचा स्लोव्हाकिया तेव्हा हंगेरीच्या राज्याचा उत्तर भाग होता आणि हंगेरी हे स्वतः हॅब्सबर्ग सम्राटाच्या छत्राखाली होते. राज्यकारभाराची भाषा शतकानुशतके लॅटिन होती. मॅग्यार, स्लोव्हाक, क्रोएट, रुमानियन, सर्ब, जर्मन अशा अनेक भाषा बोलणाऱ्या प्रजेला लॅटिन सारखीच परकी असल्यामुळे तिच्याविषयी कोणालाच विशेष असूया नव्हती. परंतु एकोणिसाव्या शतकाच्या आरंभापासून मॅग्यार सरदारवर्गाने लॅटिनच्या जागी आपली भाषा आणण्याचा आग्रह धरला आणि १८४४ साली कायद्याने मॅग्यार ही राज्याची अधिकृत भाषा झाली. व्हिएन्नाच्या वर्चस्वातून स्वतःची भाषा सोडवू पाहणारे मॅग्यार पुढारी आपल्याच राज्यातील इतर भाषांना मात्र तोच न्याय द्यावयास तयार नव्हते. स्वातंत्र्याच्या चळवळीत हा अंतर्विरोध वारंवार दिसून येतो.

त्यात स्लोव्हाक समाज आतूनही दुभंगलेला होता. ल्यूथरपंथी मंडळी बायबलच्या जुन्या चेक भाषेत लिहीत व प्रार्थना करीत. कॅथलिक धर्मोपदेशक आंतोन बेर्नोलाक यांनी १७८७ साली पश्चिम स्लोव्हाकियातील बोलीच्या आधारे एक लेखी भाषा घडविली होती. तिचा स्वीकार कॅथलिकांपुरताच राहिला. म्हणजे शेतकरी एकाच बोलीत बोलत आणि त्यांचे सुशिक्षित मात्र पंथानुसार दोन वेगवेगळ्या भाषांत लिहीत. अशा समाजाने सरकारदरबारी कोणत्या भाषेसाठी हक्क मागावा, हा प्रश्नच होता.

बिनपगारी अध्यापक

गावच्या शाळेनंतर ग्योर येथे दोन वर्षे शिकून १८२९ साली श्टूर प्रेसबर्ग म्हणजे आजच्या ब्रातिस्लाव्हा येथील ल्यूथरपंथी महाविद्यालयात दाखल झाले. घरची परिस्थिती बेताची. १८३४ साली पैशाअभावी शिक्षण सोडून त्यांना गावी परतावे लागले आणि तेथील जमीनदार काउंट झाय यांच्याकडे कारकुनी पत्करावी लागली. याच झाय यांनी पुढे ल्यूथरपंथी चर्चचे मुख्य निरीक्षक या नात्याने शाळा व चर्च यांत मॅग्यार भाषा रुजविण्याचा खटाटोप केला. एकेकाळचा धनी आणि एकेकाळचा कारकून असे एकमेकांसमोर उभे ठाकले.

कारकुनी सोडून श्टूर महाविद्यालयात परतले, ते विद्यार्थ्यांचे पुढारी होण्यासाठीच. तेथील स्लाव्ह विद्यार्थिमंडळाचे ते उपाध्यक्ष झाले. २४ एप्रिल १८३६ रोजी डॅन्यूबच्या काठावरील देविनच्या पडक्या किल्ल्यावर त्यांनी मित्रांसह राष्ट्रसेवेची शपथ घेतली. पुढच्याच वर्षी सरकारने विद्यार्थिमंडळांवर बंदी घातली. त्यावर श्टूर यांनी काढलेला तोडगा मोठा मार्मिक होता. महाविद्यालयात चेक-स्लोव्हाक भाषा व साहित्य यांचे एक अध्यासन होते व प्राध्यापक युराय पालकोविच हे त्याचे प्रमुख होते. मंडळाचे सारे काम या अध्यासनाच्या नावाखाली चालू झाले आणि श्टूर पालकोविच यांचे सहायक म्हणून शिकवू लागले. या सहायकाला वेतन नव्हते. अधिकारही पालकोविच यांच्या नावाचा. स्वतःचा काही नाही. परंतु वर्ग मात्र त्यांचा होता.

१८३८ ते १८४० या काळात त्यांनी जर्मनीतील हाले विद्यापीठात भाषाशास्त्र, इतिहास व तत्त्वज्ञान यांचे अध्ययन केले. हेगेल आणि हेर्डर यांच्या विचारांचा ठसा त्यांच्या मनावर उमटला, तो याच काळात. प्रत्येक जनसमूहाचे अंतरंग त्याच्या भाषेतून प्रकट होते आणि म्हणून भाषा नाहीशी झाली की तो समूहही इतिहासातून नाहीसा होतो, ही त्यांच्या साऱ्या पुढील कार्यामागची धारणा होती. परत येऊन त्यांनी पुन्हा तेच बिनपगारी अध्यापन स्वीकारले.

भाषेची निवड

१८४३ साल हे श्टूर यांच्या आयुष्यातील कळसाचे वर्ष. त्या वर्षीच्या जुलै महिन्यात ह्लबोके या गावी धर्मोपदेशक योझेफ हुर्बान यांच्या घरी श्टूर, हुर्बान आणि मिखाल होजा हे तिघे एकत्र आले आणि मध्य स्लोव्हाकियातील बोलीच्या आधारे नवी लेखी भाषा घडविण्याचा निर्णय त्यांनी घेतला. या निवडीमागचा विचार केवळ व्याकरणाचा नव्हता. चेक ल्यूथरपंथीयांची, पश्चिमेची बोली कॅथलिकांची. मध्य स्लोव्हाकियाची बोली मात्र कोणत्याच पंथाची नव्हती. ती स्वीकारण्यात कोणाचा जय नव्हता, कोणाची हारही नव्हती. बेर्नोलाक यांच्या भाषेत काव्य रचणारे वृद्ध कॅथलिक कवी यान होली यांच्या भेटीला हे तिघे तरुण ल्यूथरपंथी याच प्रवासात गेले, ही गोष्ट बोलकी आहे. जुन्या भाषेतील श्रेष्ठ कवीला सांगितल्याविना नवी भाषा जाहीर करावयाची नाही, एवढे सौजन्य त्यांच्या ठायी होते.

टीका अर्थातच झाली आणि सर्वांत तीव्र टीका स्वकीयांकडून झाली. चेक विद्वानांना हे फुटीचे पाऊल वाटले. स्वतः स्लोव्हाक असलेले थोर कवी यान कोलार यांनी चेक भाषेच्या एकतेसाठी १८४६ साली मतांचा एक संग्रहच प्रसिद्ध केला. लहान समाजाने आणखी लहान व्हावे काय, हा त्यांचा प्रश्न अगदीच गैरलागू नव्हता. श्टूर यांचे उत्तर असे की, शेतकऱ्याला न कळणाऱ्या भाषेत मिळालेली एकता ही मूठभर विद्वानांची एकता असते. त्याच वर्षी त्यांनी आपली भूमिका मांडणारा ग्रंथ आणि नव्या भाषेचे व्याकरण अशी दोन्ही पुस्तके प्रसिद्ध केली. पुढच्या वर्षी चाख्तित्से येथील सभेत कॅथलिक व ल्यूथरपंथी या दोन्ही पक्षांनी नवी भाषा मान्य केली.

वर्गाबाहेर

दरम्यान त्यांचा वर्ग मात्र हिरावला गेला होता. वरून आलेल्या दडपणामुळे १८४३ च्या अखेरीस श्टूर यांना अध्यापनातून दूर करण्यात आले. याच्या निषेधार्थ १८४४ च्या मार्चमध्ये बावीस विद्यार्थी महाविद्यालय सोडून गेले. त्यांतील बरेचसे दूरच्या लेवोचा गावी शिकावयास गेले. त्या वेळी यान्को मातूश्का नावाच्या विद्यार्थ्याने एका लोकगीताच्या चालीवर एक गीत रचले. त्याच गीताचे पहिले कडवे १९१८ नंतर चेकोस्लोव्हाकियाच्या राष्ट्रगीताचा भाग झाले आणि १९९३ पासून ते गीत स्वतंत्र स्लोव्हाकियाचे राष्ट्रगीत आहे. शिक्षकाच्या बडतर्फीतून राष्ट्रगीत जन्माला आल्याचे दुसरे उदाहरण सहसा सापडणार नाही.

वर्ग गेला, तेव्हा श्टूर यांनी वृत्तपत्र काढले. परवानगीसाठी दीर्घकाळ खेटे घातल्यावर १ ऑगस्ट १८४५ रोजी त्यांच्या स्लोव्हाक राष्ट्रीय वृत्तपत्राचा पहिला अंक निघाला. या पत्रात भाषेइतकीच चर्चा भुकेची, दारूबाजीची, शाळांची आणि वेठबिगारीची होत असे. याच वर्तुळातील सामुएल युर्कोविच नावाच्या शिक्षकाने १८४५ सालीच सोबोतिश्ते गावी शेतकऱ्यांची पतसंस्था स्थापन केली होती. युरोप खंडातील अगदी पहिल्या सहकारी पतसंस्थांत तिची गणना होते. सभासदाने नियमाने बचत करावी आणि दारूपासून दूर राहावे, अशी अपेक्षा असे. श्टूर यांच्या पिढीचे राष्ट्रकार्य निव्वळ गीतांवर आणि शपथांवर उभे नव्हते, याची ही साक्ष होय.

विधिमंडळातील शिक्षक

३० ऑक्टोबर १८४७ रोजी झ्वोलेन या शहराने श्टूर यांना हंगेरीच्या विधिमंडळात प्रतिनिधी म्हणून निवडून पाठविले. विधिमंडळ प्रेसबर्गलाच भरत असे. ज्या शहरातील वर्गातून त्यांना चार वर्षांपूर्वी काढले गेले होते, त्याच शहरात ते आता लोकप्रतिनिधी म्हणून बसू लागले. अर्थात त्या विधिमंडळाला लोकप्रतिनिधींचे म्हणणे धाडसाचेच ठरेल. सत्ता होती जिल्ह्याजिल्ह्यांतील सरदारांच्या हाती. राजाच्या सनदेने स्वतंत्र असलेल्या साऱ्या शहरांचे प्रतिनिधी मिळून तेथे एकच मत धरले जाई. म्हणजे श्टूर यांच्या मताचे वजन काय होते, याची कल्पना करता येईल. वजन नव्हते म्हणूनच त्यांनी वाणीचा आश्रय घेतला.

नोव्हेंबर १८४७ ते मार्च १८४८ या चार महिन्यांत त्यांनी केलेली पाच भाषणे प्रसिद्ध आहेत. त्यांतील मागण्यांची यादी पाहिली, तर हा भाषाशास्त्रज्ञ अर्थव्यवहाराचा किती सूक्ष्म विचार करीत होता, हे दिसून येते. १७६७ च्या मारिया थेरेसा राणीच्या नियमानुसार पूर्ण जमीन कसणाऱ्या कुळाला जमीनदाराकडे आठवड्यातून एक दिवस बैलजोडीसह किंवा दोन दिवस अंगमेहनतीने राबावे लागे. म्हणजे वर्षाला ५२ किंवा १०४ दिवस. उत्पन्नाचा नववा हिस्सा वेगळा. त्याउपर राज्याचा आणि जिल्ह्याचा करही त्याच कुळाने भरावयाचा, कारण सरदार करमुक्त. जो कसतो तो कर भरतो आणि जो कर भरत नाही तो कायदे करतो, अशी ही व्यवस्था होती. कुळाने स्वखुशीच्या कराराने मोबदला देऊन मुक्त व्हावे, अशी तरतूद १८४० च्या कायद्यात होती. पण ज्याच्याजवळ बियाण्याला पैसा नाही, त्याने मुक्तीची किंमत कोठून द्यावी? श्टूर यांची मागणी अशी की, वेठ सर्वत्र बंद व्हावी, जमीनदाराला मोबदला द्यावा, परंतु त्याचा भार कुळावर शक्य तितका कमी पडावा. याशिवाय कायद्यापुढे सर्वांची समानता, सरदारांच्या विशेषाधिकारांना आळा, विधिमंडळात सामान्यांना स्थान, शहरांना जिल्हा अधिकाऱ्यांच्या जाचातून मुक्ती, शिक्षकांच्या स्थितीत सुधारणा आणि प्राथमिक शाळांत स्लोव्हाक भाषा, या त्यांच्या मागण्या होत्या.

याच विधिमंडळात पेस्ट जिल्ह्याचे प्रतिनिधी म्हणून लायोश कोशुत बसत होते. कोशुत आणि श्टूर दोघेही ल्यूथरपंथी, दोघेही पत्रकार, दोघेही वेठबिगारीचे शत्रू. कुळांच्या मुक्तीच्या प्रश्नावर त्यांच्यात फारसे अंतर नव्हते. परंतु श्टूर यांनी शाळेच्या भाषेचा प्रश्न काढताच त्यांच्यातील दरी उघडी पडे. हंगेरीत एकच राजकीय राष्ट्र आहे आणि त्याची भाषा मॅग्यार आहे, यावर कोशुत ठाम होते. एप्रिल १८४८ मध्ये राजाची संमती मिळालेल्या कायद्यांनी वेठ संपुष्टात आणली, हा कोशुत यांचा मोठाच विजय होय. मात्र त्याच कायद्यांनी प्रतिनिधी होण्यासाठी मॅग्यार भाषेचे ज्ञान आवश्यक ठरविले. स्लोव्हाक शेतकऱ्याचे शरीर मुक्त झाले. त्याची जीभ मात्र बांधलेलीच राहिली. भूमिहीन मजुरांच्या हाती तर जमिनीचा तुकडाही आला नाही.

क्रांती आणि फसवणूक

१० मे १८४८ रोजी लिप्तोव्स्की मिकुलाश येथे स्लोव्हाक राष्ट्राच्या चौदा मागण्या जाहीर झाल्या. सर्व राष्ट्रांना समान स्थान असलेले सामाईक विधिमंडळ, स्लोव्हाकांची स्वतःची सभा, न्यायालयांत व जिल्हा कारभारात मातृभाषा, प्राथमिक शाळेपासून विद्यापीठापर्यंत स्लोव्हाक शिक्षण, सार्वत्रिक मताधिकार, मुद्रणस्वातंत्र्य आणि जमीनदारांनी बळकावलेल्या शेतजमिनी व कुरणे परत मिळणे, अशा त्या मागण्या होत्या. कुळांना चिथावल्याच्या आरोपावरून तुरुंगात टाकलेला कवी यान्को क्राल आणि शिक्षक यान रोतारिदेस यांची सुटका करावी, अशीही मागणी त्यांत होती. उत्तरादाखल दोनच दिवसांत श्टूर, हुर्बान आणि होजा यांच्यावर पकड वॉरंट निघाले.

श्टूर प्रागला निसटले आणि जूनमधील स्लाव्ह परिषदेत सामील झाले. सप्टेंबरमध्ये व्हिएन्ना येथे स्लोव्हाक राष्ट्रीय समिती स्थापन झाली. १९ सप्टेंबर १८४८ रोजी मिआवा येथे तिने हंगेरियन सरकारशी संबंध तोडल्याचे जाहीर केले आणि स्वयंसेवकांचा उठाव सुरू झाला. तो काही दिवसांतच मोडला. त्यातील कारोल होलुबी आणि विल्यम शुलेक या दोन तरुणांना ऑक्टोबरमध्ये फाशी देण्यात आले. पुढे कोशुत यांच्या सरकारविरुद्ध सम्राटाच्या सैन्याच्या जोडीने स्लोव्हाक स्वयंसेवक लढले. मार्च १८४९ मध्ये स्लोव्हाक शिष्टमंडळ ओलोमोउत्स येथे तरुण सम्राट फ्रान्झ योझेफ यांना भेटले आणि हंगेरीपासून वेगळ्या स्लोव्हाक प्रांताची मागणी त्याने केली. आश्वासने मिळाली. बंड शमल्यावर मात्र व्हिएन्नाने सगळीकडे सारखीच एकतंत्री राजवट लादली आणि नोव्हेंबर १८४९ मध्ये स्लोव्हाक स्वयंसेवक दलही बरखास्त केले. हंगेरीतील विजेते व पराभूत दोघांच्याही पदरी दडपशाहीच पडली.

येथे श्टूर यांच्या धोरणाची चिकित्सा करणे प्राप्त आहे. ज्या सम्राटाला प्रजेच्या स्वातंत्र्याचेच भय होते, त्याने एका लहान प्रजेला स्वातंत्र्य द्यावे, ही अपेक्षा मुळातच चुकीची होती. परंतु कोशुत यांनी त्यांना दुसरा मार्ग तरी कोठे ठेवला होता? शाळेत मातृभाषा मागणाऱ्याला पकड वॉरंट मिळाले, तर तो शत्रूच्या शत्रूकडे वळणारच. दोष वाटावयाचाच झाला, तर तो बलिष्ठाच्या पदरात अधिक घालावा लागेल. कारण उदार होणे त्याला परवडण्यासारखे होते.

मोद्रा येथील अखेर

यानंतरची वर्षे उपेक्षेची आणि पोलिसी नजरेखालची. १८५१ च्या जानेवारीत थोरले बंधू कारोल मरण पावले आणि त्यांच्या सात मुलांच्या संगोपनासाठी श्टूर मोद्रा येथे येऊन राहिले. त्याच वर्षी वडील गेले. १८५३ साली आई गेली. स्वतः ते अविवाहितच राहिले. या काळातही त्यांची लेखणी थांबली नाही. स्लाव्ह लोकगीते व लोककथा यांवरील त्यांचा ग्रंथ आणि त्यांचा काव्यसंग्रह, दोन्ही १८५३ चे. भाषेच्या बाबतीत त्यांनी दाखविलेला उमदेपणा तर विशेष उल्लेखनीय आहे. मार्टिन हात्ताला या तरुण कॅथलिक व्याकरणकाराने श्टूर यांच्या लेखनपद्धतीत बदल सुचविले, तेव्हा १८५१ साली दोन्ही पंथांच्या पुढाऱ्यांसह श्टूर यांनी ते मान्य केले. स्वतःच्या व्याकरणाच्या अभिमानापेक्षा सर्वांची एक भाषा त्यांना मोलाची वाटली. आजची स्लोव्हाक भाषा १८५२ च्या या सुधारित व्याकरणाच्या मार्गानेच आलेली आहे.

निराशेच्या या काळात त्यांनी जर्मन भाषेत लिहिलेला स्लाव्ह जगाच्या भवितव्यावरील ग्रंथ त्यांच्या हयातीत छापला गेला नाही. तो १८६७ साली मॉस्कोत रशियन भाषांतराच्या रूपाने प्रकट झाला. सर्व स्लाव्हांनी रशियाच्या आश्रयाला जावे आणि रशियन ही सामाईक साहित्यभाषा करावी, असा त्याचा रोख आहे. ज्याने एका लहान भाषेसाठी आयुष्य वेचले, त्यानेच अखेरीस एका मोठ्या भाषेची छाया शोधावी, यात त्यांच्या पराभवाची खोली दिसते. त्यांचे कर्तृत्व मात्र या ग्रंथावरून मोजणे न्यायाचे होणार नाही.

२२ डिसेंबर १८५५ रोजी मोद्राजवळ शिकारीला गेले असता चर ओलांडताना त्यांच्याच बंदुकीतून गोळी सुटून मांडीत घुसली. तीन आठवडे वेदना सोसून १२ जानेवारी १८५६ रोजी त्यांचा अंत झाला.

श्टूर यांच्या हयातीत त्यांच्या जवळजवळ सर्व राजकीय मागण्या फेटाळल्या गेल्या. त्यांच्यानंतरही मार्ग सुकर नव्हता. १८६३ साली स्थापन झालेली स्लोव्हाक सांस्कृतिक संस्था हंगेरियन सरकारने १८७५ साली बंद केली आणि १९०७ च्या शिक्षणविषयक कायद्याने गावच्या शाळांतही मॅग्यार भाषेची सक्ती वाढविली. परंतु विधिमंडळात एका मताच्या अंशाएवढेही वजन नसलेल्या या प्रतिनिधीच्या मागण्या पुढच्या शतकात एकेक करून मान्य झाल्या. ज्यांनी त्या फेटाळल्या, त्यांचे राज्य १९१८ साली विरून गेले. १९९३ नंतर स्लोव्हाकियाच्या पाचशे क्राऊनच्या नोटेवर श्टूर यांची मुद्रा झळकली आणि २००९ साली युरो चलन येईपर्यंत ती तेथेच राहिली. ज्या अध्यापकाला कधी वेतन मिळाले नाही, त्याचे चित्र राष्ट्राने आपल्या चलनावर छापावे, हा काळाने केलेला हिशेबच म्हटला पाहिजे. कायदे बहुमताने होतात आणि बहुमताने रद्दही होतात. वर्गात नीट शिकविलेली भाषा मात्र कोणत्याही ठरावाने रद्द करता येत नाही, हाच या चरित्राचा बोध आहे.